नवऱ्याला न्याय

४ जून

आत्या,

वाकून नमस्कार करते असं लिहिणार होते, पण दिवसभर फाटक्या पुस्तकांवर वाकून कंबर धरलीय. बसल्याजागचा नमस्कार गोड मानून घे.

एक बातमी आहे. फोनवर सांगितली असती, पण फोनवर तुला अर्धंच ऐकू येतं आणि उरलेलं तू मनाने रचतेस. तर ऐक. मी कादंबरी लिहायला घेतलीय. हसू नकोस. सुट्टीत तुझ्याकडे राहायला यायचे तेव्हा तू मला वाचून दाखवायचीस ना, दीडशे वर्षांपूर्वीच्या जाडजूड कादंबऱ्या, ज्यांत आपण सुखी नाही हे कळायलाच बाईला दोनशे पानं लागतात? तसली. काळही तोच, एकोणिसावं शतक.

नायिका माझंच काम करते. दुसरं मला येतं काय? ग्रंथालयाच्या तळघरात बसून मोडक्या पुस्तकांची दुरुस्ती. खळ शिजवते, सुटलेली पानं शिवते, नवे पुट्ठे चढवते. तिचा नवरा न्यायाधीश आहे. गावात त्याला फार मान. उदारमतवादी माणूस. बायकांना शिकू द्या, नोकरांना सुट्टी द्या, कुणावर सक्ती नको, अशी भाषणं देतो आणि मुख्य म्हणजे तसं वागतोही. घरात कधी आवाज चढवत नाही. हात उगारणं तर दूरच. सगळं चर्चेने ठरतं. चर्चा संपते ती तिला पटल्यावर. पटेपर्यंत संपत नाही.

आता पेच असा. दुसऱ्या गावच्या मोठ्या ग्रंथालयाने तिला बोलावलंय. दुरुस्तीचा सगळा विभाग तिच्या हाताखाली, राहायला वरच्या मजल्यावर एक खोली. तिला जायचंय. एकटीने. ऑगस्ट संपायच्या आत हो की नाही ते कळवायचंय. तिला वाटतं, आता गेलो नाही तर हळूहळू आपल्याला काही वाटेनासंच होईल.

तर तू सांग, तिने काय करावं? आयुष्यभर तू शाळेत कादंबऱ्याच तर शिकवल्यास. तुझं उत्तर आल्याशिवाय मी पुढे लिहिणार नाही. पहिलं प्रकरण सोबत पाठवतेय. उशीर नको करूस, आत्या. ऑगस्ट म्हणता म्हणता येईल.

हे माझं सगळं लिखाण वाचतात. पत्रंही. एकमेकांपासून लपवण्यासारखं काही नसावं, हे आमच्याकडे चर्चेतच ठरलंय.

तुझी
भिंगरी

ता. क. आत्याबाई, नमस्कार. भिंगरीच्या या उपक्रमाला माझा पूर्ण पाठिंबा आहे. पहिल्या प्रकरणातला नवरा मला जरा एकांगी वाटला. तसं सुचवलं, तिलाही पटलं. आपण या विषयातल्या अधिकारी. निःपक्षपाती मत कळवावं. — आपला जावई


१६ जून

माझ्या लाडक्या भिंगरी,

आशीर्वाद पोतंभर. वाटून घ्या दोघं.

तुझं पाकीट आलं आणि मी चहा गार होऊ दिला. कादंबरी! माझ्या भाचीने! बाहेरच्या बाकावर बसून सगळं प्रकरण एका बैठकीत वाचलं आणि मला एकदम आमच्या कॉन्व्हेंट शाळेचं वाचनालय दिसलं. जिन्याने वर गेलं की डाव्या हाताची खोली. काचेची कपाटं, आणि सिस्टरच्या कमरेला किल्ल्यांचा जुडगा. नववीत गेल्याशिवाय ती कपाटं उघडत नसत. उघडली तरी मुलींनी वाचू नयेत अशी पानं सिस्टरनी कडेने चिकटवून टाकलेली असत. आम्ही ती खिडकीशी उजेडात धरून वाचायचो. दोन्ही बाजूंची अक्षरं एकमेकांत मिसळायची, त्यामुळे त्या पानांत काय होतं ते मला आजतागायत नीट कळलेलं नाही. पण त्या वयात जे कळलं नाही तेच जास्त आवडलं.

बरं, आता तुझी बाई म्हणून बोलते. राग मानायचा नाही.

नायिकेला तू तुझं काम दिलंस हे उत्तम. लेखकाने आपल्या हाताखालच्या वस्तूंपासूनच सुरुवात करावी. खळीत बोट बुडवून ती किती घट्ट झालीय हे पाहायची तिची सवय मला फार आवडली. नवरा मात्र तू पूर्ण कल्पनेतून उभा केलास, त्यालाही शाबासकी. फक्त त्याच्यावर तुझा राग दिसतो. तो लपव. नुसता लपवू नकोस, काढूनच टाक. त्या शतकातल्या थोर कादंबरीकारांनी जगाला काय दिलं? हेच, की कुणी दुष्ट नसतो, प्रत्येकाचं आपलं एक कारण असतं. सिस्टर म्हणायच्या, वाईट लेखक खलनायक आणतो, चांगला लेखक माणूस आणतो. ज्याच्यावर तुझा राग आहे त्याच्या खुर्चीत बसून एक प्रकरण लिही. नवऱ्याला न्याय दे. जावईबापूंची सूचना अगदी बरोबर आहे. अर्थात ते चुकतील कसे? ‘कादंबरी आणि उदारमतवाद’ हा त्यांचा लेख वाचूनच तर मी तुझ्या बाबांना म्हटलं होतं, पोरगी तिथे मोकळा श्वास घेईल.

तिने काय करावं? इतक्यात काहीच करू नये. तू फार घाईत आहेस. ऑगस्टचं काय घेऊन बसलीस? कादंबरीतला ऑगस्ट आपल्या मुठीत असतो, हवा तेवढा लांबवता येतो.

शंभरापैकी बासष्ट. चौसष्ट देणार होते, पण बाराव्या पानावर ‘न्यायाधीशांनी पंख्याचं बटण बंद केलं आणि ते म्हणाले, आता आवाज नको, शांतपणे बोलू.’ अगं वेडाबाई, एकोणिसाव्या शतकात पंख्याला बटण कुठलं? लाल पेन्सिलीने गोल केलाय. दोन मार्क कापले.

आणि तुमचं दोघांचं पटतं ना छान? विचारायचं म्हणून विचारते हो.

तुझी आत्या


८ जुलै

आत्या,

बासष्ट मार्कांचे आभार. गणितात याहून कमी पडायचे.

तू विचारलंस, आमचं पटतं का. मला पटतं, आत्या. रोज पटतं. काल सकाळी एकदा पटलं, जेवताना दोनदा. ‘आमचं पटतं’ आणि ‘मला पटतं’ यांत काय फरक आहे, हे व्याकरण शिकवणारीला मी काय सांगणार?

दुसरं प्रकरण सोबत आहे. तू म्हणालीस तसं न्यायाधीशाच्या खुर्चीत बसून लिहिलं. बसून पाहिलं तर खुर्ची चांगली आहे. तिथून सगळं बरोबर दिसतं. त्याने तिला कधी काही करू नकोस असं सांगितलेलंच नाही. तिने गाणं सोडलं ते पटून. मैत्रिणीकडे जाणं सोडलं तेही पटून. खोलीची खिडकी आता बंद असते, त्याचीही चर्चा झाली होती. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात ना? इथे बुक्क्या नाहीत, आणि तोंडही कुणी दाबलेलं नाही. उलट ‘बोल ना, मोकळेपणाने बोल’ असंच तो म्हणतो. ती बोलते. तो ऐकून घेतो. मग तिच्या वाक्यातली चूक दाखवतो.

पाकीट फुटलं तर पानं हरवतील, म्हणून नाश्त्याच्या टेबलावरचा प्रसंग इथे पुन्हा उतरवते. तो टोस्टला लोणी लावत असतो, कोपऱ्यापर्यंत, अगदी सारखं.

‘तुला जायचंय ना?’
‘हो.’
‘जा. मी अडवणारा कोण? मला फक्त समजून घ्यायचंय, की तू हे रागाच्या भरात म्हणतेस की विचार करून?’
‘थोडा राग आहे.’
‘मग रागात निर्णय घेऊ नये. बरोबर?’
‘बरोबर.’
‘शांत हो. मग बोलू.’

ती दोन दिवस शांत होत राहते. तिसऱ्या दिवशी टोस्ट, लोणी, सगळं तेच.

‘आता राग नाही ना?’
‘नाही.’
‘मग आता जायचं कारण काय?’

आणि ती विचार करते, आणि तिला खरंच कारण सापडत नाही.

या प्रकरणात मी एक मावशीही आणलीय. फार शिकलेली, फार प्रेमळ. नायिका तिला फोन करायला रिसीव्हर उचलते आणि परत ठेवते, कारण जे सांगायचंय ते वाक्यात बसवताच येत नाही. म्हणून मग ती मावशीला लांब लांब पत्रं लिहिते. मावशी ती हातात पेन्सिल घेऊन वाचते.

मावशीने पुढे काय करावं, ते तूच सुचव.

तुझी
भिंगरी

ता. क. टोस्टचा प्रसंग फार जिवंत उतरलाय असं मी तिला म्हटलं. तर्कही निर्दोष. शेवटाबद्दल आमची चर्चा चालू आहे. आपलं मत मोलाचं ठरेल. — आपला जावई


२५ जुलै

भिंगरी राणी,

गुडघ्याने छळलं म्हणून उत्तराला उशीर झाला. डॉक्टर म्हणतात चाला, गुडघा म्हणतो बसा. मी दोघांचं ऐकते, म्हणजे खुर्चीत बसून चालण्याबद्दल वाचते.

एकाहत्तर! आधी आकडाच सांगते, म्हणजे तुझा जीव भांड्यात पडेल. काय लिहिलंयस गं! ‘शहाण्याला शब्दाचा मार’ ही म्हण तू शब्दशः घेतलीस. आणि न्यायाधीश आता माणूस झाला. मला तर त्याची बाजू पटायला लागली. काळजी घेणारा आहे, वाचलेला आहे, बायकोला समोर बसवून बोलतो. माझ्या पिढीतल्या किती बायकांच्या नशिबी असं बोलणं आलं? आमच्याकडे ‘चहा टाक’ हीच चर्चा.

मावशी मात्र मला मुळीच जमली नाही. इतकी शिकलेली बाई इतकी बावळट कशी असेल? पत्रामागून पत्र येतंय, पोरगी काहीतरी सांगू पाहतेय, हे शेंबड्या पोरालाही कळेल. वाचकाचा विश्वास बसणार नाही. एक तर तिला काढून टाक, नाहीतर थोडी अक्कल दे. आणि फोन! अगं, पुन्हा? आधी पंख्याचं बटण, आता फोनचा रिसीव्हर. तुझ्या त्या न्यायाधीशाच्या काळात घरोघरी फोन कुठून? लाल गोल, चार मार्क. मागच्यापेक्षा दुप्पट, कारण ही चूक दुसऱ्यांदा झालीय.

आता शेवट. गेले आठ दिवस मी त्यावरच विचार करतेय. घर सोडून निघून जाणं हा सोपा शेवट आहे, भिंगरी. टाळ्या मिळतात, पण त्यात सत्य थोडं कमी पडतं. मोठ्या कादंबरीत बाई थांबते. समजून घेते. बाहेर काहीच बदलत नाही, पण आतून ती मोठी होते, आणि आपण वाचणारे पुस्तक मिटून कितीतरी वेळ नुसते बसून राहतो. तिला त्या ग्रंथालयाला नकार लिहू दे. साधा, दोन ओळींचा, कुणाबद्दल कडवटपणा नसलेला. मग बघ, माझ्यासारख्या म्हाताऱ्या शिक्षिकेच्या डोळ्यांत पाणी येतं की नाही.

जावईबापूंना आशीर्वाद. अशी चर्चा करायला घरातच कुणी आहे, भाग्यवान आहेस.

तुझी आत्या


२९ ऑगस्ट

आत्या,

तुझं पत्र यांनी चहाच्या वेळी मोठ्याने वाचलं. मग पुन्हा एकदा वाचलं. ‘मोठ्या कादंबरीत बाई थांबते’ हे वाक्य त्यांनी उतरवून घेतलंय, व्याख्यानात वापरणार आहेत. तू आणि ते, दोघंही एकच म्हणता, म्हणजे बरोबरच असणार.

नायिकेने नकार लिहिला. साधा, दोन ओळींचा.

कादंबरी संपली. शेवटचं प्रकरण दीड पानाचं आहे. पंखा नाही, फोन नाही. चूक सापडणार नाही. मार्क कळवू नकोस.

भिंगरी

ता. क. आत्याबाई, आपले आभार कसे मानू? गेले काही महिने भिंगरी फार अस्वस्थ होती. बाहेरगावची ती जागा तिच्या मनात इतकी घर करून बसली होती की नीट बोलणंही अवघड झालं होतं. मी एकटा सांगत राहिलो असतो तर तिला ती सक्ती वाटली असती, आणि सक्ती मला तत्त्वतः मान्य नाही. न्यायाधीश बराचसा माझ्यावर बेतलाय हे मी पहिल्या पानालाच ओळखलं होतं. आपणही ओळखलं असेलच. तरीही आपण त्याला न्याय दिलात, हा आपला मोठेपणा. तिचा नकार पोचल्याचं त्यांचं उत्तरही आलं. आता इथल्या ग्रंथालयातलं तळघराचं कामही ती पुढच्या महिन्याअखेरीस सोडते आहे. धुळीचा तिला त्रास होतो. चर्चेअंती तिलाही पटलं. — आपला जावई


२ सप्टेंबर

भिंगरी,

हे पत्र तुझ्या ग्रंथालयाच्या पत्त्यावर टाकतेय. घरच्या नाही.

जावयाची ओळ मी उभ्यानेच वाचली आणि मग खाली बसले. ‘बाहेरगावची ती जागा.’ मला वाटलं, कादंबरीतली जागा म्हणतायत. मग पुढे ‘उत्तरही आलं’ वाचलं. कादंबरीतल्या ग्रंथालयाचं उत्तर कुणाला येतं?

सगळी पानं पुन्हा काढली. लाल गोल पाहिले. पंख्याचं बटण. फोनचा रिसीव्हर. तू दर खेपेला मला आजच्या घरातली एक वस्तू दाखवत होतीस, आणि मी तुझ्या हाकेला गोल करून मार्क कापत होते. आणि ती मावशी! मीच लिहिलं, इतकी शिकलेली बाई इतकी बावळट कशी असेल म्हणून. लिहून पाकिटाला तिकीट लावलं.

मी तुला चुकीचं शिकवलं असं नाही म्हणणार, चुकीच्या ठिकाणी शिकवलं. ज्या लेखकांनी सगळ्यांना न्याय दिला, त्यांच्यापैकी कुणी त्या घरात राहायला जात नव्हतं. दिवसाचं लिहून झालं की पेन ठेवून ते आपल्या घरी जेवायला जात. सगळ्यांची बाजू समजून घ्यायची ती वाचणाऱ्याने. तिथे राहणाऱ्या बाईकडे कुणी ते मागू नये, आणि मी तेच मागितलं. वर जाहीर केलं की माझ्या डोळ्यांत पाणी येईल. आलंय. पण हे ते नाही.

आता मला सरळ सांग. तो तुला मारतो का? हे कधीपासून चाललंय? तुझ्या बाबांना ठाऊक आहे का? तू मला आधी सरळ का नाही सांगितलंस? जेवतेस ना नीट? खरंच मारत नाही ना? तुला भीती वाटते का त्याची? काही धाक घालतो का? त्या ग्रंथालयाला मी लिहू का, की नकार परत घ्या? की मीच येऊ तिथे? तू इकडे कधी येतेस? ये. लगेच ये. समोर बसून सगळं पहिल्यापासून सांग मला, म्हणजे काय करायचं ते आपण शांतपणे ठरवू. तो मारत नसेल तर मग नेमकं काय होतं, ते मला नीट समजून घ्यायचंय.

तुझी आत्या


१९ ऑक्टोबर

आत्या,

तुझं पत्र तळघरात मिळालं. हाताला खळ लागलेली होती, म्हणून पाकिटाच्या कडेला डाग पडलाय. तेव्हा उत्तर दिलं नाही. आता देते.

मी घर सोडलं. हे पत्र मी माझ्या खोलीतून लिहितेय. पत्ता पाकिटाच्या मागे आहे, तुझ्यापुरता.

ती जागा गेली. मी विचारून पाहिलं, त्यांनी दुसऱ्या कुणाला घेतलं होतं. चूक त्यांची नाही. इथे एका बाईंचा बांधणीचा कारखाना आहे. कारखाना म्हणजे एक लांब खोली, चार टेबलं, एक कागद कापायचं यंत्र आणि मालकीणबाईंचा आवाज. जुन्या कादंबऱ्या नाहीत. आम्ही वकिलांसाठी कोर्टाच्या निकालांचे खंड बांधतो, सगळे एका रंगाचे, एका उंचीचे. मालकीणबाईंनी पहिल्या दिवशी विचारलं, ‘लग्न झालंय?’ मी म्हटलं, ‘झालंय.’ त्या म्हणाल्या, ‘बरं. तो पुट्ठा असा नाही, असा धर.’ मला तेवढ्यानेच रडू आलं.

निघाले ते कसं, तेवढं सांगते. रविवार होता. टॅक्सी सांगून ठेवली होती. हे बाहेर जायला तयार होत होते, एका पायात बूट होता. बॅग पाहून म्हणाले, ‘बस. बोलू.’ मी खुर्ची ओढलीसुद्धा, आत्या. हात आपोआप गेला.

‘कारण सांग,’ ते म्हणाले. ‘एक सांग. चुकीचं असलं तरी चालेल.’
‘नाही.’
‘नाही म्हणजे कारण नाही, की सांगायचं नाही?’
मी बॅग उचलली.
‘हा अन्याय आहे,’ ते म्हणाले. ‘आरोपीलासुद्धा आरोप सांगतात.’

आणि ते खरं होतं. आज इतक्या दिवसांनीही मला त्यात चूक सापडत नाही. त्यांचं बरोबर होतं. खाली टॅक्सीवाल्याने हॉर्न वाजवला, मग वर पाहून ओरडला, ‘ओ बाई, येताय की जाऊ?’ मी म्हटलं, येते. त्यांचं बरोबर होतं आणि तरी मी निघाले. मला वाटायचं, त्यांना एकदा तरी चूक ठरवल्याशिवाय मला जाताच येणार नाही. तसं नसतं.

ते जिन्यापर्यंत आले. एका बुटावर. आभाळ भरून आलं होतं, तर माझी छत्री आणून दिली. डोळे भरलेले होते. खोटे नव्हते. माझेही भरले. छत्री मी घेतली.

आता तुझ्या पत्राबद्दल. तो मारतो का, हे तू पुन्हा पुन्हा विचारलंस. नाही मारत. कधीच नाही. हे वाचून तुला हायसं वाटलं असेल, आणि त्या हायसं वाटण्याच्या पाठोपाठ एक लहानसा विचारही आला असेल, की मग एवढं काय झालं? मी तुला नावं ठेवत नाही. मलाही वर्षानुवर्षं रोज तेच वाटायचं.

मी तुझ्याकडे आले नाही, कारण तू मला समोर बसवलं असतंस. प्रेमाने, चहा देऊन. पण बसवलं असतंस आणि म्हणाली असतीस, पहिल्यापासून सांग. आणि मी सांगितलं असतं, आणि सांगता सांगता पुन्हा माझ्या लक्षात आलं असतं की ते सगळं अगदी साधं, समजण्यासारखं होतं. संध्याकाळपर्यंत मी परत गेले असते.

रागावलेली नाही. थोडी आहे. ते माझं मला पाहू दे.

लिहावंसं वाटलं तर लिही. फक्त काही विचारू नकोस.

भिंगरी


३ नोव्हेंबर

भिंगरी,

पत्र मिळालं. पत्ता मी पाठ करून ठेवलाय, कागद बाजूला ठेवून दिला.

इकडे सगळं ठीक आहे. गुडघा आपलं काम करतो, मी माझं. सकाळी फाटकापर्यंत जाऊन येते. शेजारच्या शिंपीणबाईंचं मांजर आता आमच्याच खिडकीत असतं. त्यांना मी म्हटलं, तुमचं मांजर घेऊन जा, तर म्हणाल्या, मांजराला विचारा. तेव्हापासून आम्ही तिघंही गप्प आहोत.

जावई येऊन गेले, परवा. वाळलेत. हातात तुझ्या कादंबरीची प्रत होती, कडेने बारीक अक्षरांत टिपणं केलेली. समोर बसले आणि म्हणाले, ‘आत्याबाई, मला फक्त एवढंच सांगा, मी कुठे चुकलो.’ मला वाईट वाटलं त्यांचं. तुझ्यापासून लपवत नाही, खरंच वाटलं. असा प्रश्न कुणी विचारला की तीस वर्षं वर्गात उभी राहिलेली बाई खडू शोधते. माझ्याकडे बोलण्यासारखं खूप होतं. सगळं गिळलं. चहा दिला, पाव दिला, कप धुवायला आत गेले आणि नळ जरा जास्त वेळ चालू ठेवला. ते बराच वेळ बसले. मग त्यांनी पत्ता मागितला. नाही म्हटलं. कारण विचारलं. तेही दिलं नाही. इतकं उद्धट मी आजवर कुणाशी वागले नव्हते. ते गेल्यावर मांजर माझ्याकडे पाहत होतं.

कादंबऱ्या अजून वाचते. सवय जात नाही. परवा एकीतली बाई घरी थांबली आणि मी पुस्तक जरा जोरातच मिटलं.

थंडी पडायला लागलीय. एक जाड पांघरूण आणि लोकरीचे मोजे पार्सलने पाठवतेय. खळीत हात घालून बसणाऱ्याचे पाय आधी गारठतात. मोज्यांचा रंग तुला आवडणार नाही, दुकानात तेवढाच होता. खोलीला खिडकी असेल असं मी धरून चालते. पूर्वेला असली तर फारच चांगलं, सकाळचं ऊन आत येतं. नसली तरी ठीक.

पत्र टाकण्याआधी मी ते पुन्हा वाचलं. तीन ठिकाणी खोडलंय, तिथे काय होतं ते उजेडात धरून पाहू नकोस. आता उत्तर द्यावं लागेल असं यात काही उरलेलं नाही.

तुझी आत्या